एप्रिलात परत घेतलेली पुस्तकं

तीस वर्षं मी पहिली-दुसरीच्या मुलांना तमिळ वाचायला शिकवते आहे, आणि खरं सांगायचं तर त्यातली निम्मी तेच तेच पुन्हा शिकवण्यात गेली. जून आला की फळा पुसायचा आणि पहिलं अक्षर काढायचं. एप्रिलात जी मुलं वाक्यं वाचत होती, ती जूनमध्ये त्याच अक्षरांकडे परक्या पाहुण्याकडे बघावं तशी बघतात. ये रे माझ्या मागल्या. पहिली दहा वर्षं मी मुलांवर चिडले, पुढची दहा त्यांच्या आयांवर. आता चिडायचंही त्राण नाही.

आमची शाळा लहान, एका ट्रस्टची, तंजावूरहून तिरुवैयारूला जाणाऱ्या रस्त्यावर. तिथे एक रीत आहे. एप्रिलच्या शेवटच्या दिवशी मुलांकडून वाचनाची पुस्तकं परत घ्यायची, सुतळीनं गठ्ठे बांधायचे आणि कपाटात ठेवून कुलूप लावायचं. घरी राहिली तर ती रद्दीत जातात आणि जूनमध्ये उजळणीला हाताशी काही उरत नाही, म्हणून ही रीत. ती मीच घातली. म्हणजे नुकतं वाचायला लागलेल्या पोराच्या हातातून पुस्तक काढून घ्यायचं, सात आठवडे ते अंधारात कोंडायचं, आणि मग विचारायचं, विसरलास कसा? आज लिहिताना हे मला दिसतं. तेव्हा गाठ पक्की बसली याचंच समाधान वाटायचं.

गेल्या वर्षी मार्चमध्ये आमच्या करस्पाँडंटनी, म्हणजे ट्रस्टतर्फे शाळा बघणाऱ्या गृहस्थांनी, सगळ्या टीचरना बोलावलं. त्यांचं म्हणणं असं, की लहान वर्गांना एवढी लांब सुट्टी नकोच. शाळा बारा महिने थोडीथोडी चालवू. मे महिन्यात ऐन उन्हाचे दोन आठवडे बंद, बाकी सकाळचे तीन तास वर्ग, मुलांना सकाळचा पोंगल-सांबार. कापलेल्या सुट्ट्या ऐप्पसी-कार्तिकेच्या, म्हणजे ऑक्टोबर-नोव्हेंबरच्या, पावसात देऊ, नाहीतरी तेव्हा निम्मे दिवस शाळा बुडतेच. मुलं विसरणार नाहीत, दोन महिने उपाशी हिंडणार नाहीत, आणि तुम्हीही मार्च-एप्रिलमध्ये अशा गळून जाणार नाही. वरून परवानगी मी आणतो, तुम्ही हो म्हणा.

सगळ्या टीचर माझ्याकडे बघायला लागल्या. मी वयानं मोठी, मी बोलल्याशिवाय कोणी बोलत नाही. मी म्हणाले, "सर, कत्तिरीच्या उन्हात त्या पत्र्याखाली मेंदू वितळतो. मुलांना घरी बसू द्या." कत्तिरी म्हणजे आमच्याकडचे मे महिन्यातले कडक उन्हाचे दिवस. बोलले ते खोटं नव्हतं. पण ते माझं कारणही नव्हतं. मी थकले होते. मला मे महिन्यात गच्चीवर वडाम, म्हणजे तांदळाचे सांडगे, घालायचे होते, दुपारी झोपायचं होतं, आणि दोन महिने एकाही लहान मुलाचा आवाज ऐकायचा नव्हता. विरोध असेल त्यांनी हात वर करा, असं त्यांनी सांगितलं. पहिला हात माझा. मग बाकीचे.

त्याच एप्रिलात पहिलीच्या वर्गात एक मुलगी होती. तिची आई तंजावूरच्या जुन्या बसस्टँडपाशी फुलांचे गजरे विकते, आमच्या गल्लीपासून चार पावलांवर. पण घर शाळेच्या मागे, म्हणून ती आमच्या शाळेत. वर्षभर तिचं घोडं अक्षरांवरच अडलं होतं, आणि मार्चच्या शेवटी एकदम सुटलं. विहिरीतल्या कासवाचा धडा तिनं एका दमात वाचला आणि माझ्याकडे असं पाहिलं की मला मीच पास झाल्यासारखं वाटलं. शेवटच्या दिवशी पुस्तकं गोळा करताना तिनं आपलं छातीशी धरून ठेवलं.

"टीचर, हे मी नेऊ? जूनमध्ये आणते."

"नाही. सगळ्यांना एकच नियम."

तिनं दिलं. रडली वगैरे काही नाही. मी तिचं पुस्तक गठ्ठ्यात सर्वांत वर ठेवलं आणि सुतळी ओढली.

मे महिना मनासारखा गेला. वडाम वाळले, डबे भरले, मी झोपले. थकवा मात्र गेला नाही. लांब झोपेनंतर अंग उलट जड होतं, तसं झालं.

जूनमध्ये उजळणीसाठी गठ्ठे सोडले. त्या मुलीनं कासवाचा धडा स्वतःच काढला, ओळीवर बोट ठेवलं आणि घडाघडा सुरू झाली. मी खूश. वर्गाला म्हणाले, बघा, ही विसरली नाही. आणि तेवढ्यात माझं लक्ष तिच्या बोटाकडे गेलं. तोंड पाचव्या ओळीवर होतं आणि बोट तिसऱ्या.

मी एका शब्दावर माझं बोट ठेवलं. "हा कोणता?"

ती तोंडातल्या तोंडात धडा पहिल्यापासून म्हणायला लागली. म्हणत म्हणत त्या शब्दापर्यंत पोचायचं होतं तिला. मधेच हिशोब चुकला, आणि तिनं पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली.

ही युक्ती मला लगेच ओळखू आली, कारण मी ती घरात पाहिलेली आहे. आमचं घर राजवाड्यामागच्या गल्लीत, मराठी बोलणाऱ्यांचं. पण मराठी अक्षरं आमच्यात कोणाला येत नाहीत, शाळा सगळ्यांची तमिळ. चंपाषष्ठीला अण्णा, म्हणजे माझे वडील, जुनी पोथी पुढ्यात घेऊन बसत आणि सगळी पोथी म्हणत. पान उलटत, बोट फिरवत. आम्हा मुलांना वाटे, अण्णांना वाचता येतं. एकदा मी मधल्याच ओळीवर बोट ठेवून विचारलं, अण्णा, हे काय आहे? ते डोळे मिटून पहिल्यापासून म्हणायला लागले. तेव्हा मला हसू आलं होतं. चाळिशी उलटल्यावर मी भाचीच्या हिंदीच्या पुस्तकावरून ही अक्षरं शिकले, पोथी उघडली, आणि कळलं की अण्णा जिथे पान उलटत तिथे ते संपतच नसे. त्यांच्या आजोबांना वाचता येत होतं म्हणे. मधल्या पिढ्यांची सुट्टी जरा लांबली, एवढंच. मलाही महिनाभर सवय सुटली की क्ष आणि ज्ञ अजून अडतात.

त्या मुलीसमोर उभी असताना मला लाज वाटली. दुसरा शब्द नाही.

संध्याकाळी गजरा घ्यायला तिच्या आईकडे गेले. सुट्टीभर पोर काय करत होती, विचारलं. "फुलं ओवत होती, टीचर. लग्नांचे दिवस, मला एकटीला कुठं जमतंय? पण तोंडानं सारखं ते कासव. मी म्हटलं, बाई, त्या कासवाला आता विहिरीबाहेर काढ. तर म्हणाली, विसरले तर टीचर पुस्तक देणार नाहीत."

घरी येऊन थोरल्या बहिणीला हे सांगितलं. अक्का म्हणाली, "तूं कशास इतकं मनास लावून घेतेस? पोर आहे. शिकेल अजून एक वेळ." शिकली खरी. पण त्याला दिवाळी उजाडली. मार्चमध्ये जे तिच्या हातात होतं ते तिथेच परत आणायला पाच महिने, आणि वर्गात अशी मुलं तीस.

यंदाच्या मार्चमध्ये बैठकीत मी स्वतः उठले. म्हणाले, गेल्या वर्षी मी चुकले. सर सांगत होते ते करू या, सकाळचे तीन तास मी रोज येईन. एक तरुण टीचर, तिचं स्वतःचं बाळ दीड वर्षाचं, मान खाली घालून म्हणाली, "पण टीचर, पत्र्याखाली मेंदू वितळतो हे तुम्हीच म्हणाला होता." तिचाही थकवा माझ्यासारखाच खरा होता, वर घरी बाळ. पुन्हा हात वर झाले. बाजूनं आम्ही दोघंच, करस्पाँडंट आणि मी. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

कपाटाला मात्र मी यंदा कुलूप लावलं नाही. पुस्तकं सगळ्यांना घरी नेऊ दिली. आणि सुट्टीत रोज सकाळी फुलं घ्यायच्या निमित्तानं बसस्टँडपाशी जाऊन त्या मुलीशेजारी पोत्यावर बसायला लागले. ती फुलं बाजूला ठेवायची आणि एक पान वाचायची. कधी पुस्तकातलं, कधी फुलं बांधून आलेल्या वर्तमानपत्रातलं. दहा मिनिटं, फार तर पंधरा. गिऱ्हाईक आलं की थांबायचं. गुडघे दुखत, ऊन चढे, एकदोनदा वाटलं आज नको. तरी गेले. वडाम यंदा झाले नाहीत, अक्का रुसली.

या जूनमध्ये शाळा उघडली तेव्हा ती तिसरीत गेलेली. नवं पुस्तक घेऊन प्रार्थनेआधी माझ्या वर्गाच्या दारात आली. "टीचर, बघा." मी मधलंच एक पान उघडलं, कोणी अजून न शिकवलेलं. तिनं बोट ठेवलं. दोन शब्द वाचले आणि तिसऱ्यावर अडली.

मला फार बरं वाटलं. पाठ म्हणणारा कधी अडत नाही. अण्णा आयुष्यात एकदाही अडले नव्हते. तिनं ओठ हलवले, अक्षर अक्षर जुळवलं, तो शब्द काढला आणि पुढे गेली. घंटा झाली तशी पुस्तक मिटून आपल्या वर्गाकडे पळाली.

मी आत वळले. दुसरीत आलेली माझी मुलं बसली होती. एप्रिलात दिलेल्या पुस्तकांपैकी निम्मी परत आली होती, त्यातल्या काहींना दुमडसुद्धा पडलेली नव्हती. पुस्तक दिलं होतं मी, पण शेजारी बसून ऐकायला कोणी नव्हतं. आणि ते कोणी नव्हतं कारण गेल्या वर्षी मी हात वर केला होता.

"कोण वाचतं?" मी विचारलं. कोणी हात वर केला नाही. मी खडू घेतला आणि फळ्यावर पहिलं अक्षर काढलं.