नायमेखनला दिलेला गोल

हॉलंडमधल्या युट्रेख्टहून गाडी सुटली आणि माझ्या लेकीचा, मनालीचा उपदेश सुरू झाला. "बाबा, तिथे मोठ्याने बोलू नका. फुटबॉलवर तर अजिबात नको."

आता कोल्हापूरच्या पेठेत वाढलेल्या माणसाला हे कसं जमावं? आमच्याकडे सामन्याला आलेला प्रत्येक प्रेक्षक रेफरीच असतो. त्यात आम्ही निघालो होतो मनालीच्या मैत्रिणीकडे, इलेआनाकडे. तिच्या रुमानियन वडिलांचा नव्वदावा वाढदिवस होता आणि हे योनआजोबा तरुणपणी देशाकडून खेळलेले सेंटर फॉरवर्ड!

वाल नदीचा रुंद पूल ओलांडून नायमेखन आलं. घरात खुर्च्यांचा 'क्रिंग' (कोंडाळं) मांडला होता. इथे उत्सवमूर्तीबरोबर लेकीचं, जावयाचं, सगळ्यांचं अभिनंदन करतात. एका बाईंनी माझंही केलं. केक आला तेव्हा मी रीतीप्रमाणे "नको, नको" म्हटलं आणि बशी पुढे गेली ती गेलीच. आपल्याकडे तिसऱ्या 'नको'नंतर ताटात पडतंच की हो!

आजोबांनी मला शेजारी बसवून घेतलं. ते सांगत आणि इलेआना इंग्रजीत समजावत होती. दिवसा रेल्वेच्या वर्कशॉपात फिटर, संध्याकाळी मैदानावर. गोलांवर गोल मारले, तेव्हा कुठे देशाकडून बोलावणं आलं. त्या सामन्यात अगदी शेवटी त्यांनी गोल मारला आणि लाइन्समनने निशाण वर केलं. ऑफसाइड! सामना गेला. पुन्हा बोलावणं आलंच नाही.

"तो गोल होता," आजोबा म्हणाले.

"नव्हता," समोरून त्यांचा डच जावई बास म्हणाला. तो स्वतः क्लबच्या सामन्यांत लाइन्समन. "तुमच्यापुढे फक्त गोलकीपर होता. म्हणजे ऑफसाइडच."

वाढदिवसाच्या दिवशी! आपला जावई असता तर म्हणाला असता, "एक कसला, दोन गोल होते."

आजोबांनी टेबलावर कप आणि चमचे मांडून खेळाडू उभे केले. "तुम्ही तिऱ्हाईत. तुम्ही सांगा. डोळे मिटण्याआधी एकदा खरं काय ते कळू दे."

इलेआना डोळ्यांनी विनवत होती, गोल म्हणा. मनाली पाय दाबत होती, गप्प बसा. मी पाहिलं तर चक्क ऑफसाइड. आली का पंचाईत! खोटं बोलवेना, खरं सांगवेना. वेळ काढायला म्हणून विचारलं, "पास कुणी दिला होता?"

"आमच्यापैकी कुणीच नाही. त्यांचा बॅक गोलकीपरकडे चेंडू मागे मारत होता. तोच मी मध्ये पायाने अडवला."

मी ताडकन उठलो. "मग कसला ऑफसाइड, राव! तो आपल्याच माणसाने पास दिला तर धरतात. इथे चेंडू त्यांच्याच माणसाने मारला की!" मनालीने कपाळाला हात लावला.

बासने चमचे पुन्हा एकदा नीट मांडून पाहिले. "हे मी कधी विचारलंच नाही," तो म्हणाला. मग सासऱ्यांसमोर ताठ उभा राहिला आणि रेफरीसारखा हात लांब करून म्हणाला, "गोल."

आजोबा लहान मुलासारखे रडायला लागले.

"बाबा, मी तर कायम गोलच म्हणत आले!" इलेआना कळवळून म्हणाली.

"तू लेक आहेस," आजोबा डोळे पुसत म्हणाले. "हा मेला कधी माझं मन राखत नाही."

परतीच्या गाडीत मनाली झोपली. मी खिडकीबाहेर बघत बसलो. मी जन्मभर माणसांची मनं राखली, समोर येईल त्याला 'छान, छान' म्हणालो. त्यातलं एकही 'छान' ऐकून कुणी असं रडलं नाही.