शर्यत लवकर सुरू व्हावी म्हणून

तात्यांचा उजवा हात गेला तेव्हा आमच्या घरातला सगळा धंदाच त्या हातासोबत गेला. वडिलांना आम्ही तात्या म्हणतो. शनिशिंगणापुरात देवाला वाहायच्या रुईच्या पानांच्या माळा ओवून दुकानांना पुरवायच्या, हे त्यांचं काम. पहाटे बांधाबांधानं फिरून पानं तोडायची, चीक पुसायचा, पान सुईवर चढवायचं आणि अंगठ्यानं दोऱ्यावर ढकलायचं. बघणाऱ्याला वाटतं सुईचं काम आहे. काम असतं अंगठ्याचं.

एका सकाळी ओवता ओवता त्यांची सुई गळून पडली. ती उचलायला वाकले ते तसेच कलंडले. लकवा. नगरच्या दवाखान्यातून परत आले तेव्हा चालत होते, थोडं अडखळत बोलतही होते, पण उजवा पंजा मांडीवर नुसता ठेवलेला असायचा. आई एकटी ओवायला बसली. मी सोनईला एका कॉम्प्युटर क्लासवर शिकवते. तिथून आले की मीही बसायचे. पण तात्यांच्या एका हाताला आम्हा दोघींचे चार हात पुरायचे नाहीत. शनिवारची गर्दी आली की माळा कमी पडायच्या. मग एका दुकानदारानं दुसरीकडून माळा घ्यायला सुरुवात केली, त्याचं बघून दुसऱ्यानं. चूक त्यांची नव्हती. गिऱ्हाईक दारात उभं असताना ते तरी किती थांबतील?

हाताचे व्यायाम शिकवणाऱ्या सोनईच्या डॉक्टरीणबाईंनी मला बाजूला घेऊन सांगितलं होतं, "अंगठा थोडा हलतोय, हे चांगलं लक्षण आहे. पण हेच महिने कामाचे. आत्ता वापरला तर येईल. नुसता पडून राहिला, तर मग मला काही सांगता येणार नाही."

त्यांनी दाबायला एक मऊ चेंडू दिला. तात्यांनी तो दोनदा दाबला आणि भिरकावून दिला.

"मी काय रांगतं पोर हाय व्हय, चेंडू खेळायला?"

आजारानं त्यांचा धीर पार गेला होता. पूर्वी ज्या माणसानं दिवसभर एका जागी बसून माळा ओवल्या, त्याला आता भाजी वाढायला उशीर झाला तरी डोळ्यांत पाणी यायचं. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, ह्या दुखण्यात असं होतं, मनावर घेऊ नका. आई मनावर घ्यायची नाही. मी घ्यायचे.

अशात राहात्याहून मामा तात्यांना बघायला आला आणि पिशवीतून एक यंत्र काढून माझ्या हातात दिलं. दोन्ही हातांत धरून खेळायचं, मधे काच, दोन्ही बाजूंना बटणं, पाठीत बसणारी एक चिमुकली सीडी. मामाच्या मुलाचं शाळेतलं. तो आता पुण्यात नोकरीला आहे. "कपाटात पडून हाय. तुझ्या क्लासातल्या पोरांना दे," मामा म्हणाला.

क्लासातल्या पोरांपर्यंत ते पोचलंच नाही. तात्यांनी ते मांडीवर घेतलं. आत मोटारींच्या शर्यतीचा गेम होता. तात्यांनी जन्मात मोटार चालवली नव्हती. मी दाखवलं, डाव्या अंगठ्यानं वळायचं, उजव्या अंगठ्यानं हे बटण दाबून धरायचं, की गाडी पळते. सोडलं की थांबते.

पहिल्या वळणावर गाडी भिंतीला जाऊन धडकली. तात्या कितीतरी दिवसांनी हसले.

"आरं तिच्या! ब्रेक कुठं हाय ह्याचा?"

ब्रेकसुद्धा उजव्याच अंगठ्याला होता, शेजारच्या बटणावर. म्हणजे अंगठा एका बटणावरनं उचलायचा, दुसऱ्यावर ठेवायचा, परत आणायचा. डॉक्टरीणबाई दोन हातांनी धरून जे करून घ्यायच्या, ते हा माणूस आपण होऊन करत होता. मी आईकडं बघितलं. आईनं पदर डोळ्याला लावला आणि लगेच म्हणाली, "डोळ्यात चीक उडाला."

अडचण एकच होती. प्रत्येक शर्यत सुरू व्हायला भयंकर वेळ लागायचा. काच काळी व्हायची, कोपऱ्यात एक खूण गोल गोल फिरत राहायची आणि पाठीतून सीडीची घरघर ऐकू यायची. मी चहाचं आधण ठेवायचे, चहा उकळायचा, गाळून कपात यायचा, तरी खूण फिरतेच आहे. तोवर तात्यांचा अंगठा बटणावर आखडून जायचा. दोन शर्यती झाल्या की ते यंत्र बाजूला सारायचे.

"खेळतोय कमी आन् वाट बघतोय जास्ती. न्हाई गं जमत."

आमच्या गावात घराला दार नसतं, एवढं सगळ्यांना माहीत असतं. दार नसल्यानं काय होतं हे आम्हाला माहीत. रस्त्यावरच्या गाड्यांची धूळ थेट घरात, आणि घरातलं सगळं थेट रस्त्यावर. शेजारच्या काकू पडदा बाजूला करून उभ्याच राहायच्या.

"पोरगी ग्रॅज्युएट झाली म्हन्ता, आन् बापाला गेमा शिकविती! आमची दहावी नापास हायेत, पर असलं न्हाई करत."

मी आमच्या घराण्यातली पहिली ग्रॅज्युएट. भूगोल घेऊन बी.ए. केलं, एस.टी.च्या पासवर, माळा ओवता ओवता. हे मी कुणालाही सांगते आणि सांगायला मला लाज वाटत नाही. म्हणून काकूंचं बोलणं मला फार झोंबलं. ते यंत्र जलद करायचं, हे मी त्याच दिवशी ठरवलं.

पण माझ्या आधी आईनं ते मनावर घेतलं होतं.

आई रोज सकाळी तात्यांच्या हाताला कोमट तिळाचं तेल चोळायची. आमच्या घरात, घरातच काय गावात, जे काही जड चालतं त्यावर तेल हा पहिला उपाय. शिलाई मशीन, सायकलची साखळी, लहान पोराचा कान. एक दिवस मी सोनईहून आले तर तात्या यंत्र हातात घेऊन बसलेले. काचेवर 'सीडी सापडत नाही' अशा अर्थाचं इंग्रजी वाक्य. पाठ उघडली तर आत तेल चमकत होतं.

"आई, हे काय केलंस?"

"घरघर करीत हुतं की. तात्यांच्या हाताला लावलं, उरलेलं त्याला लावलं. त्येबी आखडल्यालंच हुतं ना." मग माझा चेहरा बघून हळूच म्हणाली, "बिघडलं काय गं?"

मी फडक्यानं तेल टिपायला घेतलं. तिला काय बोलणार? तिनं नवऱ्याला आणि यंत्राला एकच माया लावली होती.

दुसऱ्या दिवशी सोनईत मोबाईल दुरुस्तीवाल्याकडं नेलं. त्यानं खोलून बघितलं आणि मान वर केली.

"ताई, ह्यात फोडणी कुणी घातली?"

"आमच्या आईनं."

तो पोट धरून हसला. मग कापसानं, स्पिरिटनं आतलं भिंग पुसत बसला. म्हणाला, "सीडी वाचंल थोडी. किती दिवस, ते मी न्हाई सांगू शकत, आन् ह्याचे पार्ट आता येत न्हाईत. तुमी एक करा. खेळत बसू नका. आधी सीडीतला गेम कॉम्प्युटरवर उतरवून घ्या आन् मग मेमरी कार्डावरनं चालवा. सीडीची भानगडच नको."

जेवणाच्या सुट्टीत क्लास रिकामा असतो. मी डबा बाजूला ठेवला, नेटवर वाचून यंत्रात त्यासाठी लागणारा प्रोग्राम टाकला, वायर जोडली आणि गेम उतरवायला लावला. पट्टी सरकायला लागली. सरकत सरकत पाऊण भरली आणि थांबली. आत भिंग खर्र खर्र करत होतं, जागा शोधत होतं. मला वाटलं, संपलं. तात्यांनी चेंडू घेतला नाही आणि आता हेही गेलं, तर अंगठा तसाच राहील. मी यंत्र हातात उचललं, का कोण जाणे, उलटं धरलं. पट्टी हलली. मी तशीच हात अवघडून धरून उभी राहिले, पट्टी पूर्ण भरेपर्यंत. पुढची बॅच येऊन दारात उभी होती. पोरं विचारत होती, "मॅडम, कसला योगा?"

त्यानंतर त्या यंत्रानं सीडी कधीच वाचली नाही. पण गेम माझ्याकडं आला होता.

घरी येऊन मोठ्या आनंदात यंत्रातल्याच जुन्या मेमरी कार्डावरनं गेम लावला, तर काय? आधीपेक्षाही हळू. चहा उकळून, गाळून, पिऊन कप विसळून झाला. तात्या म्हणाले, "ह्याच्यापरीस तेलाचं बरं हुतं की." विनोद करून त्यांनी यंत्र जे बाजूला ठेवलं, त्याला परत हात लावेनात. मी समजूत घातली, आईनं रागावून बघितलं. पुढच्या खेपेला डॉक्टरीणबाईंनी अंगठा धरून बघितला आणि त्यांचा चेहरा उतरला. "अंगठा पुन्हा मागे गेलाय. काय करत होतात ते बंद केलंत का?"

त्या दिवशी एस.टी.त तात्या खिडकीकडं तोंड करून बसले होते. सोनई मागे गेल्यावर म्हणाले, "तुमी दोघी किती दिस ओवनार?" मी म्हणाले, "तुमी ओवेपर्यंत."

मग मी नीट अभ्यासाला बसले. परीक्षेला बसावं तशी. माझं इंग्रजी गाईडमधलं. नेटवर त्या जुन्या यंत्राचे शौकीन जगभरातून काय काय लिहून ठेवतात, ते एकेक वाक्य पकडून वाचलं. कळलं ते असं. मामाच्या मुलाचं कार्ड लहान, म्हणून मी गेम दाबून, लहान करून त्यावर बसवला होता. तसं केलं की जागा वाचते, पण यंत्राला दर वेळी ते गाठोडं सोडून मग वाचावं लागतं. त्या म्हाताऱ्या यंत्राला ते कुठून झेपणार? शिवाय ते कार्ड वरून नावाजलेल्या कंपनीचं दिसणारं, आतून नकली. शिवाय त्यावर मामाच्या मुलाची गाणी आणि कॉलेजच्या सहलीचे फोटो खच्चून भरलेले.

भूगोलाच्या प्रॅक्टिकलला आमच्या सरांनी एक शिस्त लावली होती, एका वेळी एकच गोष्ट बदलायची, म्हणजे कशानं काय झालं ते कळतं. मी तसंच केलं. आधी फोटो-गाणी काढून मामाच्या मुलाला पाठवून दिली. थोडासाच फरक. मग नगरला जाऊन चांगलं, मोठं कार्ड आणलं आणि ते कॉम्प्युटरवर न पुसता त्या यंत्रातच पुसून, म्हणजे फॉरमॅट करून, तयार केलं, कारण प्रत्येक यंत्राची मांडणी आपली आपली असते. आणखी फरक. मग गेम न दाबता, होता तेवढा पूर्ण त्यावर टाकला. आता आधण उकळायच्या आत शर्यत सुरू व्हायला लागली. शेवटी यंत्राच्या मेंदूचा वेग सेटिंगमध्ये जाऊन वाढवला आणि नको असलेलं वाय-फाय बंद केलं. वेग वाढवल्यानं बॅटरी लवकर उतरते. उतरू दे, चार्जर लावून खेळू.

तात्यांना मी काही सांगितलं नाही. यंत्र त्यांच्या मांडीवर ठेवलं आणि म्हणाले, "एकच शर्यत. हळू चाललं तर ठिवून द्या."

त्यांनी नाखुशीनं बटण दाबलं आणि सवयीप्रमाणे चष्मा शोधायला वळले. तेवढ्यात भोंगा वाजला, सगळ्या मोटारी सुटल्या आणि एकट्या तात्यांचीच रेघेवर उभी.

"आगं आगं! थांब की! चष्मा तरी लावू दे मानसाला!"

आई हातातली माळ टाकून हसायला लागली. तात्या चष्म्याविनाच पळाले. शेवटचे आले. आणि खाली न ठेवता लगेच दुसरी शर्यत लावली. मग तिसरी. मीच म्हणाले, "बास, अंगठ्याला इसावा द्या." तर म्हणाले, "तू गप. त्या लाल गाडीवाल्यानं मला लई घासलंय."

त्या लाल गाडीवाल्याचे माझ्यावर फार उपकार आहेत. त्याला हरवायचं म्हणून तात्या सकाळी खेळायचे, माळा ओवणाऱ्या आईशेजारी बसून दुपारी खेळायचे. आईचं तेल चालूच होतं, फक्त हाताला. डॉक्टरीणबाईंनी पुढच्या खेपेला अंगठा बघितला, मग आपलं बोट पुढं करून म्हणाल्या, "दाबा." तात्यांनी असं दाबलं की बाई "हो हो, कळलं" म्हणाल्या.

काकू परवा पुन्हा पडद्याशी आल्या. मला वाटलं आता काय ऐकवतात. तर आवाज बारीक करून म्हणाल्या, "बाई, आमच्या सासूचा गुडघा धरलाय. गुडघ्याचा गेम मिळंल का गं कुठला?"

"बघते काकू," मी म्हणाले. "पण त्याला तेल घालू नका."

तात्यांनी सुई पुन्हा हातात घेतली ती आम्हाला न सांगता. मी सोनईहून आले तर चटईवर एक अर्धी माळ. पानं वाकडीतिकडी, काही फाटलेली. दुसऱ्या दिवशी पूर्ण माळ. आईनं त्यातल्या फाटक्या पानांकडं बोट दाखवलं, तर तात्या तिला म्हणाले, "देव काय पानं मोजितो व्हय? तू तुझी ओव."

हात पूर्ण पहिल्यासारखा झालेला नाही. थंडीत आखडतो, आणि पूर्वीचा झपाटा आता नाही. पण त्या यंत्रात शर्यत लगेच सुरू होते, तात्यांचा उजवा अंगठा पान दोऱ्यावर ढकलतो, आणि सोडून गेलेल्या दोन दुकानांपैकी एक दुकान पुन्हा आमच्याकडून माळा घेतं.