सबनीसांनी पुसलेला तीळ

ही वही कुणाच्या हाती लागलीच, तर वेड्यावाकड्या अक्षराला आणि चुकांना माफ करावं. चौथीनंतर मी शाळा पाहिली नाही. पण सबनीसांबद्दल कुणाशी बोलता आलं नाही, म्हणून लिहिते. ते आता किलकेनीला राहायला गेले.

इकडे परदेशात, क्लोनडॉकिनला आमच्या घरापासून चौथ्या दारात ते एकटे राहत. दुपारी मी त्यांना पोळीभाजीचा डबा नेऊन देई. पांढरे सुती हातमोजे घालूनच ते दार उघडत आणि आतून व्हिनेगरचा वास येई. मला पाहताच आधी मागे जाऊन कॉम्प्युटरवर टॉवेल टाकत, मग डबा घेत. “जुन्या फिल्मा साफ करतो, मावशी. कुजायला लागल्या की असाच वास येतो,” एवढंच सांगत. साफच करायच्या, तर झाकायच्या कशाला?

असं मनात असूनही मी त्यांना सातशे युरो उसने दिले. फिल्म कॉम्प्युटरमध्ये उतरवायचं त्यांचं यंत्र बिघडलं होतं आणि माझ्या तोंडून नाही निघेना. डब्यांचे साठवलेले पैसे ते, साताऱ्याला बहिणीकडे जायच्या तिकिटाचे. मुलाला ठाऊक नव्हतं.

महिन्याच्या बोलीचे चार महिने झाले. एकदा जेवताना मुलगाच म्हणाला, “आई, तिकडचा डबा बंद कर. योर मॅन, तो तुझा सबनीस, युरोपातल्या जुन्या नागड्या फिल्मा चकाचक करतो, इंटरनेटवर विकायला.”

दुसऱ्या दिवशी मी डबा हातातून सोडला नाही. “खरं का हो?”

“खरं. मोठ्या माणसांसाठीच्या आहेत. मी ओरखडे काढतो, धूळ पुसतो. धूळ कुणाच्याही अंगावर वाईटच, मावशी.”

“आणि माझे पैसे?”

“अडकलेत. एका तिळापायी.”

थाप मारायची, तर जरा बरी तरी मारावी. म्हणे, फिल्ममधली बाई आता पंचाहत्तरीची आहे, इटलीत असते. तिने नवी केलेली फिल्म इंटरनेटवर पाहिली आणि कळवलं, माझ्या हनुवटीवरचा तीळ कुठे गेला? सबनीसांनी तो धुळीचा ठिपका समजून पुसला होता. फिल्मा विकणाऱ्या कंपनीने ती काढून घेतली आणि यांचे पैसे थांबवले.

माझा चेहरा पाहून त्यांनी टॉवेल उचलला. उचलला म्हणजे, पडद्यावरच्या बाईच्या गळ्याखाली दोन्ही हातांनी ताणून धरला. शेजारी शेजारी दोन चेहरे होते, साफ करण्याआधीचा आणि नंतरचा. तीळ नसलेली ती कुणीही असू शकली असती.

“परत आणायला किती दिवस?”

“सेकंदाला चोवीस चित्रं असतात. प्रत्येकात आणायचा.”

“आणा,” म्हणून मी डबा दिला.

मग रोज विचारायची, कुठवर आलं? “आता ती जिना उतरतेय,” ते सांगत. “आता छत्री उघडतेय.” आठवडाभर ती छत्रीच उघडत होती. मी तपासणार कशी?

मे महिन्यात सबनीस स्वतः आमच्या दारात आले, नेमके मुलगा घरी असताना. पाकीट पुढे केलं. मी तिथेच नोटा मोजल्या, पुन्हा मोजल्या. ते न रागावता उभे राहिले.

“कसले पैसे, आई?” मुलाने मागून विचारलं.

“माझे,” मी म्हटलं. “सगळे आले.”