अटकेच्या आधीचे चार डबे
माळ्यावरचा पितळी डबा काल घासायला काढला आणि इंग्रजी अमदानीतलं चिकोडीचं कोर्ट आठवलं. तंबाखूच्या चोरीच्या संशयावरून पोलिसांनी आमच्या अण्णांना धरलं होतं आणि फौजदार आणखी कोठडी मागत होता. अण्णांचे तळपाय सुजले होते. परत नेलं असतं तर न केलेली चोरीही त्यांनी कबूल केली असती. मॅजिस्ट्रेटसाहेबांनी पोलिसांची डायरी वाचली, "काल रात्री नऊला खानावळीत जेवताना पकडलं." मग कागदावरचं नाव बघून अण्णांना विचारलं, "तुम्ही जैन ना? रात्री जेवता?" "न्हाय साहेब, दिवस मावळल्यावर पाणीबी घेत न्हाय. परवा सकाळीच शेतातनं आणलं मला." मी धीर करून उठलो. "साहेब, मी धाकटा भाऊ. परवा दोन, काल दोन, असे चार डबे ठाण्यात दिलेत, दिवस मावळायच्या आत." फौजदार हसला, "भाऊच त्यो, दुसरं काय बोलणार?" साहेबांनी विचारलं, "डबे घेतले कोणी?" दारातला शिपाई खाली बघत म्हणाला, "मीच, साहेब." साहेब आवाज न चढवता म्हणाले, "म्हणजे अटकेच्या आधीच चार डबे? कोर्टाच्या हुकमाशिवाय चोवीस तासांवर ठेवता येत नाही, फौजदार. सोडा यांना." ज्याला बघून सगळं गाव बाजूला सरायचं, तो फौजदार त्या लहानखुऱ्या माणसापुढं हात बांधून उभा होता. पाचवा डबा अण्णांनी कोर्टाच्या पायरीवर उन्हातच खाल्ला. डबा आता लख्ख झालाय, पण साहेबांचा तो शांत आवाज आठवला की अजून अंगावर काटा येतो.