कोऱ्या मशीनवरचा डेमो

दुसऱ्या डेमोलाही गेम अटकला. पडद्यावर बॉम्ब फुटला, चित्र जागीच थांबलं, मग धक्का खाऊन पुढे सरकलं. क्लायंटच्या मॅडमनी कंट्रोलर टेबलावर ठेवला आणि निघून गेल्या. लगेच आमचे सर सगळ्या ऑफिससमोर वैशालीवर उखडले. ग्राफिक्सचा कोड तिचा होता.

"तुझ्या कोडमधीच झोल आहे. पुढच्या डेमोत अटकला तर प्रोजेक्टवरून काढतो तुले."

"सर, माझ्या मशीनवर नाही न अटकत! कवापासून सांगून राहिली मी."

सरांनी ऐकलंच नाही. वर तिला क्लायंटला, सगळ्या ऑफिसला कॉपी ठेवून, माफीचा मेल लिहायला लावला. माझं डोकं सणकलं.

आम्ही एम्युलेटर बनवत होतो. म्हणजे जुन्या कन्सोलचे गेम साध्या कॉम्प्युटरवर चालवणारं सॉफ्टवेअर. धूर, पाणी, स्फोट पडद्यावर कसे रंगवायचे याच्या छोट्या सूचना गेममध्ये असतात. त्यांना शेडर म्हणतात. एखादा शेडर पहिल्यांदा लागला की तो नव्या ग्राफिक्स कार्डाला समजेल असा तयार करावा लागतो. तेवढा वेळ गेम अटकतो. तयार झालेला शेडर डिस्कवर जपून ठेवला, की पुढच्या वेळी अटकण्याचं कारण नाही. हा साठा म्हणजे शेडर कॅश. ही सोय वैशालीने कधीच करून ठेवली होती. डेमोच्या आदल्या दिवशी तिने डेमोच्याच मशीनवर अख्खा गेम खेळला होता, मी शेजारी बसलो होतो.

मी डेमोच्या मशीनवरचं कॅशचं फोल्डर उघडलं. त्यात फक्त त्या दिवशीच्या डेमोतले शेडर होते. आधीचा एकही नाही. तडक सरांच्या केबिनमध्ये गेलो.

"सर, डेमोआधी मशीनले कोणी हात लावला?"

"मीच. सकाळी फॉरमॅट मारून सगळं नवीन टाकलं. दरवेळी टाकतो. गांधीबागेत बाबांचं कापडाचं दुकान होतं गा आमच्या. गिऱ्हाईकासमोर नवाच तागा उघडायचा, हाताळलेला नाही."

"हे कापड नाही सर! इथे हाताळलेलीच मशीन पाहिजे. पुसून तुम्ही राहिले, अन् शिव्या ती खाऊन राहिली!"

मी इतक्या मोठ्याने ओरडलो की बाहेरचे कीबोर्ड थांबले.

तिसऱ्या डेमोआधी वैशालीने पुन्हा पूर्ण गेम खेळला आणि मी मशीन माझ्या कपाटात ठेवून कुलूप लावलं. डेमोत तोच बॉम्ब फुटला. काही अटकलं नाही. मॅडम शेवटपर्यंत खेळल्या.

सरांनी मेल टाकला, 'इश्यू सॉल्व्ड'. मी म्हणालो, "माफीचा मेल ज्यायले गेला, त्या सगळ्यायले खरं कारण कळवा."

"जाऊ दे न गा. काम झालं न?"

त्याच आठवड्यात वैशालीने राजीनामा दिला. सर खरोखर चकित झाले. मला विचारतात, "काहून चालली गा ही?"

त्या प्रश्नाचा मला आजही संताप येतो. पुसलेली मशीन एकदा गेम खेळलं की पुन्हा तयार होते. वैशालीच्या खुर्चीवर अजून कोणी आलेलं नाही.