शेवंता ‘जाते’ म्हणेना

फिल्म कंपनीत काम केलेल्या माणसाला किस्से गोळा करावे लागत नाहीत, ते अंगावर येऊन पडतात. माझ्या अंगावर पडलेले बहुतेक एकाच पोरीचे आहेत. शेवंता, वय वर्षे आठ, गाव कुंडल. लढाईच्या दिवसांत आमच्या पिक्चरमध्ये ती राजकन्या होती आणि मी असिस्टंट, म्हणजे तिच्यामागे धावणारा!

* * *

पहिलाच डायलॉग होता, “नाही महाराज, मी येणार नाही.” शेवंता म्हणाली, “न्हाई म्हाराज, मी न्हाई येनार!”

सकाळभर मी तिच्याकडून ‘ण’ घोटून घेतला. घसा बसला माझा. दुपारी शॉट लावला, तर पोरगी ठणकावून म्हणते, “णाही महाराज, मी येणार णाही!”

डायरेक्टरसाहेब माझ्याकडे बघून म्हणाले, “हे जास्तीचे ‘ण’ आता तुम्ही घरी घेऊन जा!”

* * *

पाटणला आउटडोअर होतं. राजकन्या रुसते आणि जेवणाचं ताट दूर सारते, एवढाच सीन. शेवंतानं ताट पुढ्यात ओढलं आणि सगळी जिलबी फस्त केली.

“अगं, तू रुसली आहेस ना?” मी ओरडलो.

“व्हय. पर जिलबीवर न्हाई रुसले!”

* * *

मग आला मरणाचा सीन. लढाईमुळे कच्ची फिल्म मिळायची मारामार, आणि आमच्याजवळ शेवटचा डबा उरलेला. हा सीन हुकला तर पिक्चर अर्धवट राहणार. राजकन्येनं “आई, मी जाते” म्हणून डोळे मिटायचे होते.

शेवंता म्हणाली, “आई, मी येते.”

“कट! ‘जाते’ म्हण.”

“तसं म्हनू न्हाई.”

“अगं बाई, तू मरते आहेस!”

“मग तर अजिबात म्हनू न्हाई. बा पलटनीत गेला तवा ‘येतो’च म्हनला हुता.”

बाप ब्रह्मदेशात होता, आणि बऱ्याच दिवसांत त्याची खुशाली आली नव्हती. मी तिच्या आईला, हौसाबाईंना, गळ घातली. त्या म्हणाल्या, “आवं मास्तर, ल्येकराच्या तोंडात आसलं कसं घालू?”

डायरेक्टरसाहेबांनी हॅट जमिनीवर आपटली. “घ्या! येऊ द्या तिला! लोक हसले की तुम्ही निस्तरा!”

* * *

पिक्चर आष्ट्याला तंबूत लागला. लोक कधी हसतात याची धास्ती घेऊन मी बायका-पुरुषांच्या मधे बांधलेल्या दोरीलगत उभा होतो. समोरच बायकांत हौसाबाई, मांडीवर शेवंता.

पडद्यावर शेवंता म्हणाली, “आई, मी येते,” आणि तिनं डोळे मिटले. कुणी हसलं नाही. नेहमीच्या सवयीनं बायकांमधून आवाज उठले, “ये गं बाय! ये!”

हौसाबाई पदरानं डोळे पुसत पडद्याकडे बघत होत्या. सगळ्या गप्प झाल्यावर त्या हळूच म्हणाल्या, “या. बिगीनं या.”

मांडीवरून शेवंता वैतागून म्हणाली, “आगं आये, मी हितंच हाय! आन् मला ‘या’ काय म्हनतीस?”