तिसऱ्या प्रश्नाची वाट

भारती त्रिभुवनचा आवाज श्रीरामपुरात सगळ्यांच्या ओळखीचा होता आणि तोंड कुणाच्याच नाही. वीस वर्षं ती एका साउंड सर्व्हिसच्या मागच्या खोलीत बसून जाहिराती रेकॉर्ड करायची आणि त्या रिक्षावर लावून गावभर फिरवल्या जायच्या. साड्यांचा सेल, मोफत नेत्रतपासणी, हरवलेली म्हैस, उद्या नळाला पाणी नाही, सगळं एकाच ठसठशीत, गोड आणि जरा हुकमी आवाजात. कधी बाजारात मेथीच्या जुडीवरून वाद घालताना शेजारची बाई वळून म्हणायची, "अगंबाई, त्या सेलवाल्या तुमीच का?" त्या दिवशी भारती दोन घास जास्त जेवायची.

नवरा होता, पण नाशिकला, दुसऱ्या बाईबरोबर. मूलबाळ नाही. रूप बेताचं. अभिमान बाळगावा असं तिच्याकडे काय होतं, तर गळा. मग दुकानदाराने मोबाईलवर मजकूर टाकला की आपोआप बोलणारं काहीतरी आणलं. त्याला 'नेत्रतपासणी' धड म्हणता येत नव्हतं, पण ते चहा मागत नव्हतं. बेचाळिसाव्या वर्षी भारती घरी बसली, आणि दारावरून रिक्षा गेली की उठून खिडकी लावून घ्यायला लागली.

तिथून तिला उचललं स्नेहलने. ही पुण्याच्या एका संस्थेत डॉक्टरेट करत होती. विषय होता माणसं आणि संगणक एकमेकांशी कसं वागतात हा. तालुक्यातल्या उसाच्या पट्ट्यातल्या एका गावी, समाजमंदिराच्या हॉलमध्ये, तिने एक बोलती पेटी ठेवली होती. औषधगोळ्यांबद्दल काहीही विचारा, पेटी सांगते.

"पण मशीन अजून बनलेलंच नाही, ताई," स्नेहल म्हणाली. "बनवायला दोन वर्षं लागतात. म्हणून आधी खोटं मशीन ठेवायचं आणि लोक त्याच्याशी कसे वागतात ते बघायचं. प्लायच्या भिंतीमागून तुम्ही बोलायचं, पेटीतून आवाज जाईल. थोडा पत्र्यासारखा करून पाठवू, म्हणजे ओळखू येणार नाही."

"म्हणजे फसवायचं."

"आमच्या शास्त्रातली मान्य पद्धत आहे ही. समितीची परवानगी आहे. शेवटी सांगतोच आपण सगळ्यांना."

भारतीला औषधांची एक जाडजूड वही मिळाली, आजाराप्रमाणे उत्तरं लिहिलेली. आणि रोज सकाळी एक कागद. त्यावर एक ते चाळीस आकडे, दिवसभरात येणाऱ्या प्रश्नांचे. त्यातल्या बारांवर लाल फुली.

"फुली आली की, प्रश्न कितीही कळला तरी, म्हणायचं, 'मला समजलं नाही. कृपया पुन्हा सांगा.'"

"का पण?"

"कारण खरं मशीन दहात तीनदा तरी चुकणारच. चुकलं की माणूस दोष कुणाला देतो, हाच माझा प्रश्न आहे."

"मशीनला देणार, आणखी कुणाला?"

स्नेहल हसली. शिकलेली माणसं न शिकलेल्यांना हसतात तशी. "बघू. प्रत्येकाच्या डोक्यात यंत्राचं एक चित्र असतं. ते खऱ्याशी जुळतंच असं नाही. मला ते चित्र हवंय."

गावाला सांगितलं होतं की भारती हॉल झाडायला आणि चहा करायला येते. लोकांसमोर ती झाडू घेऊन फिरायची, प्रश्नांची वेळ झाली की मागच्या दाराने भिंतीआड जायची.

चित्र मिळालं, आणि भारतीला ते रोज प्लायच्या फटीतून दिसत होतं. म्हाताऱ्या बन्सीला पेटीने पहिल्यांदा समजलं नाही म्हटलं तेव्हा त्याने खिशातून कवळी काढून बसवली आणि परत विचारलं. बनुबाईने डोक्यावरचा पदर सारखा केला. कुणी पुढे सरकलं, कुणी मागे. कुणी ओरडलं, कुणी चप्पल बाहेर काढून आलं. गावच्या भांडणात तीन पिढ्या माघार न घेणारी माणसं त्या पेटीपुढे माफी मागत होती. पेटी बिघडली आहे असं तीन आठवड्यांत एकजण म्हणाला, आणि तो प्यायलेला होता.

यातली सगळ्यांत गरीब म्हणजे लंकाबाई. शेतात वस्तीवर राहायची, नवरा रंगनाथ बीपीचा पेशंट. ती दर दोन दिवसांनी येऊन पेटीला आधी "बरी हायेस का बाई?" विचारायची. तिच्या वाट्याला फुली आली की ती घसा खाकरायची आणि शाळेच्या पुस्तकातलं बोलायला बघायची. "माज्या पतीला... गोळी... सकाळची देणे हाय का?" भारती भिंतीआड तोंडात पदर कोंबून हसायची. हो, हसायची. नंतर चहा देताना लंकाबाई तिला म्हणायची, "आमचं बोलनंच वंगाळ गं. यंतराला तरी कसं कळावं?"

दुसऱ्या आठवड्यात बन्सीने जेवणाआधी की नंतर असं काहीतरी साधं विचारलं, फुली होती, आणि भारतीने उत्तर देऊन टाकलं. संध्याकाळी स्नेहलने रेकॉर्डिंग ऐकलं.

"ताई, दया आली की अभ्यास मेला. एका फुलीवर उत्तर दिलंत तर सगळी आकडेवारी संशयाची होते. मग मी काय सिद्ध करणार?"

"म्हातारा माणूस होता हो..."

"तुम्हाला भिंतीमागे घंटी दिलीय ना? अडचण वाटली तर ती दाबायची. मी येऊन प्रयोग थांबवीन. पण स्वतःच्या मनाने काही करायचं नाही. आणि एक सांगून ठेवते. खरं मशीन बनेल ना, त्याला आवाज लागणार आहे. जिल्ह्यातल्या शंभर गावांत. माझ्या गाईड तुमच्या नोंदी बघताहेत. नोंदी स्वच्छ राहिल्या तर तुमचं नाव मी सुचवणार आहे."

शंभर गावं. भारतीने त्या रात्री गरम पाण्यात मीठ घालून गुळण्या केल्या. रिक्षावरच्या जाहिराती दोन दिवसांत मरायच्या. हा आवाज ती गेल्यावरही राहणार होता. त्यानंतर तिच्या हातून एकही फुली चुकली नाही.

शेवटचा शुक्रवार. साडेअकराच्या सुमारास लंकाबाई जवळजवळ पळतच आली. आज तिने "बरी हायेस का" विचारलं नाही.

"बाई, आमच्या मालकांचं तोंड वाकडं झालंय गं सकाळधरनं. जीभ जड पडल्यावानी बोलत्यात. उजवा हात उचलंना. निजलेत. निजू देऊ का दवाखान्यात न्यू?"

भारतीने वही उघडायची गरज नव्हती. ते पान तिला पाठ होतं: तोंड वाकडं, हात लुळा, जीभ जड, ताबडतोब १०८. तिने कागद बघितला. एकतिसावा प्रश्न. फुली.

"मला समजलं नाही. कृपया पुन्हा सांगा."

लंकाबाईने पदराने तोंड पुसलं. बत्तिसावा. फुली. तेहतिसाव्यावर मात्र काही नव्हतं, कागद पांढरा होता. घंटी भारतीच्या गुडघ्यापासून वीतभर लांब होती. स्नेहल बाहेर व्हरांड्यात लॅपटॉप घेऊन बसली होती, हाकेच्या अंतरावर.

"माज्या... पतीचे मुख..." लंकाबाई एकेक शब्द ठेवत होती, अंगणात धान्य निवडावं तसा. "मुख वाकडे... झाले हाय. हात... चालत न्हाई."

एकदाच आता, भारतीने मनाशी म्हटलं. ही परत विचारील. ही नेहमी तीनदा विचारते. तिसऱ्याला मी सांगून टाकीन, नियमात बसून, काही न बिघडवता. एवढ्या अर्ध्या मिनिटाने काय होतंय?

"मला समजलं नाही. कृपया पुन्हा सांगा."

उत्तर जिभेवर घेऊन ती माइकला चिकटून बसली.

लंकाबाईने तिसऱ्यांदा विचारलंच नाही. तिने पेटीला हात जोडले. "माफ कर बाई. मला अडानीला न्हाई सांगता येत. थांब, नीट बोलनारं मानूस आनते." आणि निघून गेली.

भारती उठू शकली असती. मागचं दार उघडं होतं. पाच पावलांत लंकाबाईला गाठता आलं असतं. तिने दार बघितलं, बिनफुलीचा आकडा बघितला, आणि म्हणाली, येईलच आता.

ती आली पावणेदोनला, शाळेच्या वृषालीबाईंना घेऊन. शाळा पलीकडच्या वस्तीवर, दोन किलोमीटर चालत. शाळेत त्या दिवशी तपासणीचे साहेब आलेले. वृषालीबाई सुटीपर्यंत वर्ग सोडू शकत नव्हत्या आणि लंकाबाई दाराबाहेर पायरीवर मुकाट बसून राहिली होती. काय झालंय हे तिने बाईंना धड सांगितलंच नव्हतं. "पेटीला माझं बोलनं कळंना, तेवढं इचारून द्या" इतकंच. रस्त्यात सगळं ऐकल्यावर बाई घाबरल्या, पण आलोच आहोत तर विचारू म्हणाल्या.

मधल्या वेळात दुसरं कुणी आलं नव्हतं. तेहतिसावा आकडा तसाच होता.

"माझ्या शेजारच्या गृहस्थांचं तोंड वाकडं झालं आहे आणि उजवा हात उचलता येत नाही," वृषालीबाईंनी स्वच्छ आवाजात विचारलं. "काय करावं?"

वाक्य संपायच्या आत पेटी बोलली. "हे पक्षाघाताचं लक्षण असू शकतं. ताबडतोब १०८ ला फोन करा. एक मिनिटही घालवू नका."

"बघ लंका," बाई फोन काढत म्हणाल्या, "नीट विचारलं की नीट सांगतं."

लंकाबाई मान हलवत राहिली. भारतीला फटीतून ती मान दिसली.

रंगनाथला नगरला नेलं. दोन तास आधी आला असता तर इंजेक्शन देता आलं असतं, असं तिथल्या डॉक्टरने सांगितलं. माणूस जगला. उजवी बाजू गेली, आणि बोलणं गेलं. नुसता घशातून एक आवाज यायचा, तो हो आहे की नाही ते लंकाबाईने ठरवायचं.

स्नेहल दोन दिवस जेवली नाही, हे तिच्या बाजूने सांगायला हवं. तिसऱ्या दिवशी तिला आठवलं की पेटीवर मोठ्या अक्षरात कागद होता, 'तातडीच्या वेळी १०८ ला फोन करा.' लंकाबाईला वाचता येत नव्हतं ही गोष्ट वेगळी. समितीने तो कागद बघितला आणि ठीक आहे म्हटलं. "आणि घंटी होती, ताई," स्नेहल भारतीला म्हणाली. रागाने नव्हे. रागाने म्हणाली असती तर बरं झालं असतं.

पंधरवड्याने स्नेहल मुलाखतीला वस्तीवर गेली, भारतीला बरोबर घेऊन. आता लोकांच्या घरी बसून, बोलून, राहून अभ्यास करायचा टप्पा होता. आकड्यांनी कळत नाही ते यात कळतं म्हणे. तिने पाच तोंडांचं चित्र पुढे ठेवलं, रडक्यापासून हसऱ्यापर्यंत. "पेटीबद्दल काय वाटतं, त्या तोंडावर बोट ठेवा." लंकाबाईने बाजेवरच्या नवऱ्याकडे एकदा बघितलं आणि सगळ्यांत हसऱ्या तोंडावर बोट ठेवलं.

"पेटीनं वाचवलं यांना. मीच दोनदा चुकीचं बोलले."

स्नेहलने लिहून घेतलं. तिच्या प्रश्नाला याहून चोख उत्तर मिळणार नव्हतं.

पुढच्या महिन्यात निरोप आला. आवाज भारतीचाच ठरला. रेकॉर्डिंग सोमवारपासून, पुण्यात, काचेच्या खोलीत. पेटीमागे माणूस होता हे लोकांना सांगायचं पुढच्या टप्प्यापर्यंत लांबलं, कारण तोच आवाज पुन्हा तपासायचा होता.

रविवारी भारती एकटीच वस्तीवर गेली. मन हलकं करायला. दुसरं काही नाही. रंगनाथचं भलं त्यात नव्हतं, लंकाबाईचं तर नाहीच. सोमवारी गळा मोकळा हवा होता.

लंकाबाई नवऱ्याला पेज भरवत होती. एक चमचा आत, अर्धा बाहेर.

"मावशी, ती पेटी बोलत नव्हती. भिंतीमागं मी होते. मी बोलत होते."

"काय म्हन्तीस?"

"तुम्ही पहिल्यांदा विचारलं तेव्हाच मला कळलं होतं. सगळं. मला सांगायची बंदी होती, म्हणून मी..."

लंकाबाईने चमचा खाली ठेवला. भारतीने मान खाली घातली. शिव्या येतील, चप्पल येईल. येऊ दे. त्याच्यासाठीच ती आली होती.

"येडी का काय गं तू?" लंकाबाई मायेने म्हणाली. "यांचं आसं झालं तर तू कशाला अंगावर घेतीस? झाडूवाली तू. तुला गं काय ठावं औशिदाचं?"

"मावशी, खरंच मी होते. ऐका." भारतीने पाठ ताठ केली आणि त्या सपाट, गोड सुरात म्हटलं, "मला समजलं नाही. कृपया पुन्हा सांगा."

लंकाबाई हसत सुटली. महिन्याभरात पहिल्यांदा हसली असावी, कारण हसता हसता तिला खोकला आला.

"अगं बया! किती झ्याक नक्कल! पर तिच्यावानी न्हाई हां. तिचा आवाज लई मायाळू. तुजा जरा घोगरा पडतो."

"माझाच आवाज आहे तो!" भारती ओरडली.

"बरं बरं, तुजाच." आणि कुंपणाकडे वळून लंकाबाईने हाक दिली. "ए बनुबाई! या गं इकडं समद्या! ही भारती पेटीची नक्कल करती बघा!"

बनुबाई आली, मागून दोन सुना आल्या, एक कडेवर पोर घेऊन. सगळ्या ओट्यावर बसल्या. भारती उठायला लागली तर लंकाबाईने तिचा हात धरला आणि दुसऱ्या हाताने नवऱ्याची मान तिच्या बाजूला वळवली.

"यांनाबी ऐकू दे. दिसभर निसतं पत्र्याकडं बघत पडत्यात. म्हन की गं. म्हन परत."

भारतीने म्हटलं. बायका टाळ्या पिटून हसल्या, बनुबाईने डोळे पुसले. रंगनाथच्या घशातून तो एक आवाज आला.

"आवडलं त्यांना," लंकाबाई म्हणाली. "आनखी एकदा म्हन."